बाटली हलवू नये

तिला पाहून मुलं पळायची. गेली तीस वर्षं पळत होती. आता तर अशी वेळ आली होती की एकेकाळी पळालेली मुलं स्वतःची मुलं घेऊन केंद्रात यायची आणि दारातच आवंढा गिळायची. सगळे तिला सुईमावशी म्हणत. तिला हे नाव मनापासून आवडायचं, फक्त आया ते धमकीसाठी वापरायच्या ते सोडून. "पानात टाकलंस तर सुईमावशीला बोलावीन," असं कुठे कानावर आलं की ती तिथल्या तिथे झापायची. "घरी माझ्या नावानं भेदरवून ठेवता आणि इथे आल्यावर पोर रडलं की माझ्याचकडे बघता होय?"

लसीकरण केंद्र म्हणजे दोन खोल्या आणि एक मोठा फ्रीज. त्या फ्रीजवर तिचा जितका जीव होता तितका कुठल्या माणसावर नव्हता, असं लोक म्हणत. ते काही खरं नव्हतं, पण फ्रीजचं तापमान सकाळ-संध्याकाळ बघितल्याशिवाय तिला चैन पडायचं नाही, हे मात्र खरं. वीज गेली की ती फ्रीजपाशीच ठाण मांडून बसायची. कारण लस उन्हानं बिघडते हे सगळ्यांना माहीत असतं, पण थंडीनं गोठली तरीही बिघडते हे फारच थोड्यांना माहीत असतं. आणि गोठून बिघडलेली लस वितळली की दिसते अगदी चांगल्या लशीसारखीच. तिची परीक्षा एकच. बाटली जोरात हलवायची आणि उजेडात धरायची. चांगली लस बराच वेळ गढूळ राहते, बिघडलेलीचा गाळ भरभर तळाशी बसतो. शिवाय तिच्या बहुतेक लशी टोचण्याआधी हलवून सारख्या कराव्या लागत. त्यामुळे बाटली हातात आली की तिचं मनगट आपोआप तीनदा हलायचं. टक, टक, टक. एकदा तिनं खोकल्याच्या औषधाची बाटली घेताना दुकानदारासमोरच उजेडात धरली होती. तो बिचारा घाबरून म्हणाला, "बाई, माल ताजा आहे हो."

"बिघडलेली लस टोचली तर मूल लगेच काही मरत नाही," ती नव्या मुलींना शिकवताना सांगायची. "त्याहून वाईट होतं. आई निश्चिंत होऊन घरी जाते."

तिचा धाकटा भाऊ चष्मेवाला होता. दोघांत आठ वर्षांचं अंतर. लहानपणी तो तिच्या कडेवर इतका असायचा की शेजारच्या बायका म्हणायच्या, हिची कंबर वाकडीच राहणार. मोठा झाल्यावर त्यानं चष्म्याचं छोटंसं दुकान काढलं. भिंतीवर लहान होत जाणाऱ्या अक्षरांचा तक्ता, एक उंच खुर्ची आणि काचेच्या कपाटात चौकटी. माणसाच्या समोर बसायचं, त्याच्या डोळ्यांत बघायचं, चौकट नाकावर बसते की नाही ते चाचपायचं, कानामागे बोट घालून दांडी वाकवायची. हे काम त्याला फार आवडायचं. बोलबोलत करायचा. लोक नंबर वाढला नसला तरी उगाच तपासून घ्यायला यायचे.

चाळिशीत त्याच्या दोन्ही किडन्या गेल्या. तिनं आपली एक दिली. फार विचार वगैरे केला नाही. डॉक्टरांनी समजावून सांगायला सुरुवात केली तेव्हा ती म्हणाली, "सही कुठे करायची ते सांगा, मला दुपारी केंद्रात जायचंय." किडनी छान लागू पडली. फक्त एक अट होती. शरीराला परकी वस्तू आवडत नाही, सख्ख्या बहिणीची असली तरी. शरीरानं त्या किडनीवर तुटून पडू नये म्हणून त्याला रोज गोळ्या घ्याव्या लागणार होत्या, जन्मभर. त्या गोळ्या शरीरातल्या पहारेकऱ्यांना गुंगीत ठेवत. पाच वर्षं कुणाचं काही बिघडलं नाही. मग साथ आली.

साथीची लस आली तेव्हा तिनं स्वतःच्या हातानं त्याला टोचली. एकदा, दोनदा, तीनदा. प्रत्येक वेळी रक्त तपासलं आणि प्रत्येक वेळी अहवालात शून्य आलं. लस शरीराला रोगजंतूची नुसती ओळख करून देते. पुढचं काम शरीरानं करायचं असतं. ओळख पटवायची, त्याला धरणारी प्रतिपिंडं स्वतः बनवायची आणि लक्षात ठेवायचं. त्याचं शरीर गोळ्यांच्या गुंगीत होतं. ते शिकतच नव्हतं. तीस वर्षांत तिनं हजारो दंडांवर लस टोचली होती, आणि आपल्याच भावाच्या दंडात ती फुकट गेली. तिला याचा राग यायचा. कुणावर काढायचा ते कळायचं नाही, म्हणून ती फ्रीज पुसायची.

तिसऱ्या अहवालापासून तो घराच्या मागच्या खोलीत होता. दुकान बंद. भावजय त्याची सगळी काळजी डोळ्यांत तेल घालून घ्यायची. स्वतः घरूनच काम करायची आणि बाहेरून आलेली प्रत्येक वस्तू आधी अंगणात ठेवायची. आणि ताई? ताई तर दिवसभर शिंकणाऱ्या, खोकणाऱ्या पोरांच्या घोळक्यात. त्याच्यासाठी साऱ्या गावात तिच्याइतकं धोक्याचं माणूस नव्हतं. रोज काम संपलं की ती मागच्या अंगणात यायची, बंद खिडकीच्या काचेपाशी उभी राहायची, आणि दोघं फोनवर बोलायची. तीन हातांवर माणूस, आणि आवाज येतो फोनमधून. असं अडीच वर्षं चाललं.

"तुझा एक भाग तर आतच आहे," तो कुशीवर थोपटत म्हणायचा. "बाकीची ताई बाहेर का उभी आहे?"

ती हसायची आणि घरी जाताना तिचा जीव तुटायचा. तिला फार काही नको होतं. त्याच्या शेजारी पलंगाच्या कडेवर बसावं, खांद्याला खांदा लागावा, त्यानं काहीतरी फालतू बोलावं. एवढंच. माणूस दूरदेशी गेला तर मनाची समजूत घालता येते. समोर दिसणाऱ्या माणसाची ओढ कशी आवरायची, हे तिला कुणी शिकवलं नव्हतं.

अशात केंद्राच्या डॉक्टरीणबाईंनी एक दिवस तिला आत बोलावलं. एक नवं औषध येतंय म्हणाल्या. लस नाही. तयार प्रतिपिंडं. प्रयोगशाळेत एकाच उत्तम पेशीच्या वंशातून बनवलेली, सगळी एकसारखी. शरीरानं काही शिकायची गरज नाही. दोन इंजेक्शनं दिली की पहारा थेट रक्तात. गोळ्या चालू असल्या तरी हरकत नाही. फक्त शरीराला ती बनवता येत नाहीत, त्यामुळे हळूहळू संपत जातात. सहा महिने धरा. मग पुन्हा घ्यायची.

"तुमच्या भावाचं नाव मी यादीत घातलंय," बाई म्हणाल्या.  सुईमावशीनं मान हलवली आणि ती फ्रीज पुसायला गेली.

संध्याकाळी तिनं काचेपलीकडच्या धाकट्याला सगळं समजावलं.  तो म्हणाला, "म्हणजे तुझी लस वाचायला शिकवते, आणि हे औषध दुसऱ्या कुणीतरी वाचून दाखवल्यासारखं."

"असंच समज."

"वाचून दाखवू दे बाई. मी ठार अडाणीच आहे." आणि मग आवाज बदलून म्हणाला, "ताई, मग तू आत येशील?"

"येईन की."

"मुखपट्टीशिवाय?"

"आधी इंजेक्शन घे. मग मागण्या कर."

औषध यायला चार महिने लागले. शेवटी एका सोमवारी एक लहानसा खोका आला. त्यात त्याच्या नावाच्या दोन बाटल्या. खोक्यावर लिहिलेलं होतं, बाटली हलवू नये. डॉक्टरीणबाईंनी ते तिला मोठ्यानं वाचून दाखवलं आणि पुन्हा एकदा सांगितलं. ही प्रतिपिंडं नाजूक असतात, हलवली तर फेस होतो, ती एकमेकांना चिकटतात, मग काम करतील की नाही सांगता येत नाही. "तुमच्या लशीसारखं नाही हे," बाई म्हणाल्या. "इंजेक्शन मी देऊ का?"

"मी देणार," सुईमावशी म्हणाली. अडीच वर्षं ती काचेवर हात ठेवत आली होती. निदान सुईच्या निमित्तानं त्याच्या अंगाला हात लागेल, हा हक्क ती कुणाला देणार नव्हती.

मंगळवारी सकाळी केंद्र उघडायच्या आधी तासभर, मागच्या दारानं, भावजयीनं त्याला आणलं. खिडक्या सताड उघड्या होत्या. ताईच्या तोंडावर दोन मुखपट्ट्या, अंगावर झगा, हातात मोजे. तो बाकावर बसला. अडीच वर्षांत पहिल्यांदा दोघांच्या मध्ये काच नव्हती. कानांवरचे केस पांढरे झालेले तिला काचेतून दिसले नव्हते. 

"बाही वर करू?" त्यानं विचारलं.

"इंजेक्शन कमरेखाली आहे. दोन्हीकडे एकेक."

"अरे देवा. म्हणजे इतक्या दिवसांनी भेट होतेय आणि मी तुला पाठ दाखवायची?"

ती हसली. मनापासून, खळखळून, खूप दिवसांनी हसली. आणि हसता हसता तिच्या हातातली बाटली हलली. टक, टक, टक. दुसऱ्या हाताला वाईट वाटू नये म्हणून की काय, लगेच दुसरी बाटलीही हलली. टक, टक, टक. मग तिनं सवयीनं ती उजेडात धरली, आणि पाण्यासारख्या स्वच्छ औषधावर तिला फेस दिसला.

तिचं हसू गेलं. तिनं दोन्ही बाटल्या हळूच टेबलावर ठेवल्या. फेस कमी होत होता. एकेक बुडबुडा फुटत होता. पाच मिनिटांत काही दिसणार नाही, हे तिला कळत होतं. डॉक्टरीणबाई पलीकडच्या खोलीत होत्या. भावजय बाहेर. तिला सगळं शक्य होतं. औषध भरायचं, टोचायचं, आठवड्यानं त्याच्या घरात शिरायचं आणि पलंगाच्या कडेवर बसायचं. कदाचित औषधाला काही झालंही नसेल. कदाचित निम्मं चांगलं असेल. ते "कदाचित" तिनं डोक्यात घोळवलं, हे कबूल करायला हवं. ती काही देवी नव्हती.

"काय झालं?" त्यानं विचारलं.

"मी हलवली."

"मग?"

"मग खराब झाली असेल. हलवायची नसते."

तो वळून बाटल्यांकडे बघत राहिला. तोवर त्या अगदी नितळ दिसत होत्या. "चांगली तर दिसतेय."

"दिसतेच तशी."

"दे मग."

"नाही."

"ताई, दे. कुणाला कळणार आहे? मला चालेल. निम्मं काम केलं तरी चालेल."

"किती काम करेल ते मला माहीत नाही, तुलाही नाही. आणि तू निश्चिंत होशील. लोकांत बसशील. मी तुझ्याजवळ येईन, दिवसभराचं खोकणं अंगावर घेऊन. तुला काही झालं तर?"

"मला अडीच वर्षांत जे झालंय ते काय कमी आहे?" तो ओरडला. नाकावर राग असणारा माणूस नव्हता तो. ओरडल्यावर त्यालाच दम लागला. "तुझ्याच हातून व्हायचं होतं ना हे?"

  तो उठला आणि मागच्या दारानं निघून गेला. त्याला हात लावायचा राहून गेला.

तिनं डॉक्टरीणबाईंना सांगितलं, कागदावर लिहून दिलं, कारणापुढे "माझ्या हाताची सवय" असं लिहिलं. बाईंनी कागद वाचून फाइलला लावला. मग म्हणाल्या, "दुसरं मागवते." रागावल्या असत्या तर तिला बरं वाटलं असतं.

नऊ दिवस खिडकीचा पडदा सरला नाही. ती रोज येऊन अंगणात उभी राहायची. फोन वाजत राहायचा. भावजय दारातून मान हलवायची. दहाव्या दिवशी पडदा सरला. तो समोर होता. फोन उचलून म्हणाला, "नवीन बाटल्यांना हात लावलास तर बघ." ती तिथेच अंगणातल्या पायरीवर बसून रडली. तो काचेतून बघत म्हणत राहिला, "पुरे गं, शेजारी बघतायत."

पण नव्या बाटल्या आल्याच नाहीत. सहाव्या आठवड्यात पत्र आलं. साथीच्या विषाणूनं रूप बदललं होतं. हे औषध त्याचा एकच ठरावीक भाग धरत असे. तो भागच बदलला, त्यामुळे औषधाला आता त्याचा ठाव लागत नव्हता. नवीन औषध तयार होईपर्यंत जुनं बंद. लशीचा जोर मात्र कमी झाला तरी संपला नव्हता. शिकलेलं शरीर विषाणूचे बरेच भाग ओळखायला शिकतं, एक चुकला तरी दुसरा पकडतं. पाठ केलेल्या एकाच पानावर त्याचं अडत नाही.

तिनं हे त्याला काचेपाशी सांगितलं. या वेळी तो ओरडला नाही. तेच तिला जास्त लागलं.

"बरं," तो म्हणाला. "मग पहिल्या तारखेला मी दुकान उघडतो."

"वेडा आहेस का?"

"नाही. थकलोय. ताई, मला माणसं हवीत. आहे त्या धोक्यासकट हवीत. तुझी किडनी या खोलीत बसवून सुकवायला घेतली नव्हती मी."

ती रात्रभर तळमळली नाही. तिचा स्वभाव तसा नव्हता. दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं फोन केला आणि म्हणाली, "मला एक महिना दे. आणि तुझी नंबरांची वही दे."

त्या वहीत त्याच्या सगळ्या गिऱ्हाइकांची नावं आणि पत्ते होते. पावणेतीनशे माणसं. त्यांतल्या निम्म्यांनी साथीचा शेवटचा डोस घेतलाच नव्हता. साथ ओसरली की माणूस विसरतो. सुईमावशी रोज काम संपल्यावर थंड डबा खांद्याला लावून निघायची. दुकानाच्या गल्लीतलं एक घर सोडलं नाही. "मावशी, आता कशाला? मला काय धाड भरलीय?" असं कुणी म्हणालं की ती म्हणायची, "तुम्हाला नाही. तुमच्यासमोर हातभर अंतरावर जो बसणार आहे, त्याला. त्याचं शरीर शिकत नाही. म्हणून तुमच्या शरीरानं शिकायचं." लोक आधी हसले, मग बाह्या वर केल्या. एका म्हाताऱ्या मास्तरांनी दार उघडलंच नाही, तर तिनं खिडकीतून त्यांना सुनावलं, आणि शेवटी त्यांनी दंड खिडकीतूनच बाहेर काढला. तिनंही तिथेच टोचलं. तिची बाटली मात्र प्रत्येक घरी हलत होती, टक, टक, टक, आणि प्रत्येक वेळी तिला कसंतरी व्हायचं.

डॉक्टरीणबाईंनी स्पष्ट सांगितलं. धोका कमी होईल, शून्य होणार नाही. दार-खिडक्या उघड्या हव्यात, एका वेळी एकच माणूस, दोघांनी मुखपट्टी लावायची, ताप-खोकला असलेल्यानं पाऊल ठेवायचं नाही. सुईमावशीनं ते मोठ्या अक्षरांत लिहून दुकानाच्या दाराला लावलं. धाकटा म्हणाला, "आणि तू कधी येणार?"

"मी कशी येईन रे," ती म्हणाली. "मी रोज चाळीस पोरांचं खोकणं झेलते. दाराला लावलेलं वाच की. ते सगळं माझ्याबद्दलच आहे."

"मग सोड ते काम."

"सोडलं तर या लोकांना पुढचा डोस कोण देणार?"

  दोघांना ते तेव्हाच नीट कळलं. त्यानं गर्दीत बसावं यासाठी जे करायचं, तेच करत राहिल्यानं ती त्याच्यापासून दूर राहणार होती.

दुकान उघडलं तो दिवस मोकळा, स्वच्छ उजेडाचा होता. ती समोरच्या पदपथावर उभी होती. पहिलं गिऱ्हाईक कोपऱ्यावरच्या घरातली आजीबाई, जिला तिनं तीन आठवड्यांपूर्वी टोचलं होतं. धाकट्यानं तिला उंच खुर्चीत बसवलं, समोर बसला, नव्या चौकटीची दांडी तिच्या कानामागे नेली आणि दोन्ही हातांनी तिचं डोकं किंचित सरळ केलं. किती हळू. आजीबाई काहीतरी बोलली आणि तो मान मागे टाकून हसला. त्याचा आवाज रस्त्यापलीकडे येत नव्हता. सुईमावशीला त्या म्हातारीचा हेवा वाटला. साधा नव्हे, जळजळीत. जाऊन तिला त्या खुर्चीतून ओढून काढावं, असं वाटलं.

आजीबाई नवा चष्मा लावून बाहेर आली आणि रस्ता ओलांडून तिच्याजवळच उभी राहिली. सगळीकडे डोळे फाडून बघत होती. सुईमावशी दोन पावलं मागे सरली, आणि मग तिच्यानं राहवलं नाही.

"आजी, त्याचे हात गरम आहेत का हो? आजारात बर्फासारखे पडायचे."

"हात?" आजीबाईनं जरा आठवून बघितलं. "गरम आहेत की. अगदी ऊबदार."

सुईमावशीनं मान डोलावली.  समोर धाकटा दारात येऊन पुढच्या माणसाला आत बोलवत होता. तिच्याकडे बघून त्यानं हात वर केला. तिनंही केला.

"पुढचा डोस सहा महिन्यांनी, आजी," ती म्हणाली. "विसरू नका. मी येईनच."